मिलचा मेल जात नाही, येतही नाही: घोडं नेमकं कुठे पेंड खातंय?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. लातूरच्या डाळ मिलच्या ऑफिसात तुम्ही हिशेब आणि पत्रव्यवहार पाहता. मिलच्या डोमेनवरचा मेल तुम्ही ब्राउझरमधल्या जुन्या बुकमार्कवरून वेबमेलमध्ये उघडता. सोमवारपासून बाहेरचं काहीच येत नाही. पाठवायला गेलं की कधी 'सेंट' दिसतं, कधी लाल पट्टी येते, आणि जीमेलवाल्यांना पाठवलेलं तर परतच येतं. तमिळनाडूची पार्टी म्हणते तुरडाळीची ऑर्डर मेलवर टाकली, मेल परतही आला नाही, आणि इकडे इनबॉक्स कोरडा. होस्टिंगवाला, म्हणजे ज्याच्या सर्व्हरवर मिलच्या मेलला जागा भाड्याने घेतलीय तो, म्हणतो सर्व्हर चालू आहे. तुम्ही पासवर्ड दोनदा बदलला, ब्राउझर बदलून पाहिला, कॅशे साफ केली. आणि अगदी शेवटी जाता जाता लिहिलंय, की मागच्या आठवड्यात मिलची वेबसाइट नव्याने करून घेतली.

तुमच्या प्रश्नाचं उत्तर बहुतेक या शेवटच्या वाक्यातच आहे. ते कसं, हे पुढे सांगतो. पण त्याआधी दोन कामं आजच्या आज करा. पार्टीला फोन लावा आणि ऑर्डर मालकांच्या जीमेलवर पुन्हा मागवा. बँकेचा खाते क्रमांक मात्र या गडबडीत मेलवरून बदलून घेऊ नका, देऊही नका; ते फोनवर, ओळखीच्या आवाजात ठरवा. दुसरं, वेबसाइट करणाऱ्याने 'आता जुनं होस्टिंग रिन्यू करायची गरज नाही' असं सांगितलं असेल तर त्याचं ऐकू नका. तुमचे आजवरचे सगळे मेल त्या जुन्या सर्व्हरवर पडून आहेत. ते खातं बंद झालं, की काही दिवसांत होस्टिंगवाला जागा पुसून टाकतो, आणि मग कितीही पैसे मोजले तरी हाती काही लागेलच असं नाही.

आणि पासवर्डला आता हात लावू नका. मेल अडला की पासवर्ड बदलायची आपल्याकडे सगळ्यांना सवय आहे, पण हा म्हशीला आजार अन् पखालीला इंजेक्शन असा प्रकार होतो. वर त्यातून नवं दुखणं उभं राहतं. तुम्ही ऑफिसच्या संगणकावर पासवर्ड बदलला, पण मालकांच्या फोनमध्ये जुनाच आहे. तो फोन दर काही मिनिटांनी जुन्या पासवर्डने दार ठोठावत बसतो. मिलच्या वायफायवरून इतके चुकीचे प्रयत्न झाले की सर्व्हरची फायरवॉल अख्ख्या मिलचा आयपी (इंटरनेट जोडणीचा क्रमांक) अडवते. मग ऑफिसातून वेबमेल उघडत नाही, पण मोबाइलच्या डेटावर झटकन उघडतो. असं दिसलं तर मेलमध्ये काही बिघडलेलं नाही, एवढं ओळखा. मालकांच्या फोनमध्ये नवा पासवर्ड टाका आणि होस्टिंगवाल्याला तुमचा आयपी मोकळा करायला सांगा.

आता मूळ मुद्दा. डोमेन हे नुसतं नाव असतं. त्या नावाची वेबसाइट कोणत्या सर्व्हरवर आहे हे ए रेकॉर्ड सांगतो, आणि त्या नावाने आलेला मेल कुठे द्यायचा हे एमएक्स रेकॉर्ड सांगतो. दोन्ही नोंदी वेगवेगळ्या असतात, त्यामुळे वेबसाइट एकीकडे आणि मेल दुसरीकडे असं बिनदिक्कत चालतं. नोंदींच्या या व्यवस्थेला डीएनएस, आणि त्या जिथे ठेवलेल्या असतात त्या जागेला नेमसर्व्हर म्हणतात. नवी वेबसाइट लावणाऱ्याने फक्त ए रेकॉर्ड बदलला असता तर मेलला धक्काही लागला नसता. पण बरीच मंडळी सोपा मार्ग धरतात आणि डोमेनचे नेमसर्व्हरच आपल्या होस्टिंगकडे वळवतात. त्यासरशी जुन्या सगळ्या नोंदी निकामी होतात आणि नव्या होस्टिंगच्या तयार नोंदी लागू होतात. त्यात वेबसाइट बरोबर असते, आणि एमएक्स एकतर नसतोच किंवा नव्या सर्व्हरकडे बोट दाखवत असतो. वेबसाइट छान दिसते, मालक खूश, बिल दिलं जातं. मेलचं कुणाच्या लक्षातच येत नाही.

मग तुमचा वेबमेल उघडतो कसा? कारण तो बुकमार्क जुन्या सर्व्हरच्या स्वतःच्या नावाने साठवलेला असणार. पत्त्याच्या पट्टीत मिलचं डोमेन नसून होस्टिंग कंपनीच्या सर्व्हरचं नाव आणि शेवटी २०९६ असा आकडा दिसत असेल, तर ओळखा की तुम्ही थेट जुन्या सर्व्हरवर जाऊन जुनी पेटी उघडताय. ती पेटी धडधाकट आहे. होस्टिंगवाला सर्व्हर ठीक आहे म्हणतो तेही खोटं नाही. फक्त जगाला आता त्या पेटीचा पत्ताच माहीत नाही.

बदल मागच्या आठवड्यात झाला आणि मेल सोमवारी थांबला, याचंही कोडं नाही. नेमसर्व्हरची माहिती जगभरातले सर्व्हर काही काळ साठवून ठेवतात. डॉट कॉमच्या बाबतीत ही मुदत ४८ तासांपर्यंत असते. त्यामुळे बदलानंतर एक-दोन दिवस काही मेल जुन्या पेटीत येत राहतात, काही नव्या सर्व्हरकडे जातात, आणि हळूहळू सगळंच तिकडे वळतं. 'कालपर्यंत तर येत होते की' हे वाक्य मला अशा प्रत्येक मिलमध्ये, प्रत्येक पतसंस्थेत ऐकायला मिळतं.

हा नुसता अंदाज राहू नये म्हणून तीन मेल पाठवून बघा. पाठवणं आणि येणं हे दोन वेगळे रस्ते आहेत. दोन्ही एकदम तपासायला गेलात तर गोंधळ वाढेल. पहिला मेल मिलच्या पत्त्यावरून मिलच्याच पत्त्यावर. दुसरा मिलच्या पत्त्यावरून तुमच्या जीमेलवर. तिसरा जीमेलवरून मिलच्या पत्त्यावर. विषयात एक, दोन, तीन असं लिहा आणि अर्धा तास थांबा.

पहिला मेल लगेच पोहोचेल. त्याने फसू नका. एकाच सर्व्हरवरच्या पत्त्याला पाठवलेला मेल सहसा बाहेर जातच नाही. सर्व्हर बघतो की ही पेटी आपल्याकडेच आहे, आणि आतल्या आत टाकून देतो. एमएक्सची चौकशीच होत नाही. डोमेनची मुदत संपलेली असली तरी हा मेल पोहोचतो. होस्टिंगवालेही बऱ्याचदा हीच चाचणी करून 'आमच्याकडून ओके आहे' म्हणतात.

तिसऱ्या मेलचं काय होतं त्यावरून तुमच्या ऑर्डरचं काय झालं ते कळेल. जीमेलने लगेच परत पाठवला आणि त्यात ५५० ५.१.१ असा आकडा असेल, तर मेल नव्या सर्व्हरवर गेला आणि तिथे या नावाची पेटीच नाही. 'डिलिव्हरी इनकम्प्लीट' अशी सूचना आली तर नवा सर्व्हर मेल घ्यायला तयार नाही, आणि जीमेल थांबून थांबून पुन्हा प्रयत्न करतंय. एमएक्स अजिबात नसेल तर नियमाप्रमाणे मेल वेबसाइटच्याच सर्व्हरकडे जातो, आणि तो सर्व्हर मेलसाठी दार उघडत नसेल तर हेच होतं. आणि दिवसभरात काहीच परत आलं नाही, इनबॉक्सातही आलं नाही, तर बहुधा नव्या होस्टिंगवर कुणीतरी याच नावाची पेटी उघडून ठेवली आहे आणि सोमवारपासूनचे सगळे मेल तिथे साचतायत. तुमच्या पार्टीकडे मेल परत आला नाही म्हणता, तेव्हा शेवटच्या दोन्हींपैकी काहीतरी असणार.

यात एक दिलाशाची गोष्ट आहे. मेल पोहोचला नाही की पाठवणारा सर्व्हर तो लगेच टाकून देत नाही. रांगेत ठेवतो आणि पुन्हा पुन्हा पाठवून बघतो. मेलच्या मूळ नियमावलीत ही मुदत निदान चार-पाच दिवस असावी असं म्हटलंय. प्रत्यक्षात काही सर्व्हर त्याहून लवकर हार मानतात. म्हणजे नोंदी वेळेत दुरुस्त झाल्या तर अडकलेले बरेच मेल आपोआप येऊन पडतील. म्हणून हे काम उद्यावर ढकलू नका.

आता दुसरा मेल, तुमच्या जीमेलवर पाठवलेला. तो परत आलाय असं तुम्ही आधीच सांगितलंय, पण परत आलेल्या मेलमध्ये काय लिहिलंय ते सांगितलं नाही. हे बहुतेकांचं होतं. 'मेलर डीमन' असं विचित्र नाव दिसलं की लोक व्हायरस समजून डिलीट करतात. तो मेल उघडा आणि इंग्रजी मजकुराच्या घोळात तीन आकडी क्रमांक शोधा. पहिला आकडा ४ असेल तर अडचण तात्पुरती. थांबा, सर्व्हर स्वतः पुन्हा प्रयत्न करेल. पहिला आकडा ५ असेल तर नकार कायमचा. तोच मेल दहादा पाठवून काही उपयोग नाही. ५५० ५.१.१ म्हणजे समोरचा पत्ताच चुकलाय. ५५२ ५.२.२ म्हणजे समोरच्याची पेटी भरली. ५३५ म्हणजे तुमचाच पासवर्ड नाकारला. तुमच्या मेलमध्ये मला वाटतं ५५० ५.७.२६ असेल. म्हणजे जीमेल म्हणतंय, हा मेल खरंच या डोमेनच्या मालकाने पाठवला याचा पुरावा नाही.

हा पुरावा म्हणजे एसपीएफ आणि डीकेआयएम. मिलच्या गेटवर कोणत्या गाड्यांना बाहेर पडायची परवानगी आहे याची यादी लावलेली असते, तशी एसपीएफ ही यादी आहे: या डोमेनच्या नावाने कोणकोणते सर्व्हर मेल पाठवू शकतात. डीकेआयएम ही प्रत्येक मेलवर उमटणारी गुप्त सही. तिची पडताळणी करायची चावी डोमेनच्या नोंदींत जाहीर केलेली असते. दोन्ही नोंदी जुन्या नेमसर्व्हरवर होत्या. नेमसर्व्हर बदलले, दोन्ही गेल्या. आता तुमचा जुना सर्व्हर मेल पाठवतो, तेव्हा जीमेल नव्या यादीत बघतं, त्यात या सर्व्हरचं नाव नसतं, आणि मेल परत. पूर्वी अशा मेलना स्पॅममध्ये टाकून भागवलं जायचं. फेब्रुवारी २०२४ पासून गूगल आणि याहूने नियम कडक केले: दोन्हींपैकी निदान एक पुरावा प्रत्येकाकडे हवाच, आणि दिवसाला ५,००० पेक्षा जास्त मेल पाठवणाऱ्याकडे एसपीएफ, डीकेआयएम आणि त्यावरचं डीमार्क (पुरावा जुळला नाही तर मेलचं काय करायचं ते सांगणारी नोंद) ही तिन्ही हवीत. तुमच्या काही ग्राहकांना मेल जातात आणि काहींना नाही, ते यामुळेच. ज्यांचा मेल सर्व्हर फारसा कडक नाही त्यांना जातात.

तर दुरुस्ती. हे तुम्ही स्वतः करायचं नाही, वेबसाइट करणाऱ्याकडून करून घ्यायचं. त्याला पुढचा मजकूर जसाच्या तसा व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवा: 'वेबसाइट आहे तिथेच राहू द्या. मेल मात्र जुन्या सर्व्हरवरच ठेवायचा आहे. सध्याच्या डीएनएस झोनमध्ये मेल नावाचं उपडोमेन करून त्याचा ए रेकॉर्ड जुन्या सर्व्हरच्या आयपीवर लावा आणि एमएक्स त्या उपडोमेनकडे वळवा. एसपीएफच्या नोंदीत जुन्या सर्व्हरचा आयपी घाला. एसपीएफची दुसरी नोंद करू नका, आहे तीच वाढवा. जुन्या सीपॅनेलच्या ईमेल डिलिव्हरेबिलिटीमधून डीकेआयएमची नोंद उचलून इथे टाका. नव्या होस्टिंगवर आमच्या नावाची मेलपेटी असेल तर डिलीट करू नका, आधी तिचा पासवर्ड द्या. आणि नव्या सीपॅनेलमध्ये ईमेल राउटिंग रिमोट करा.'

यातल्या दोन गोष्टी का लिहिल्या ते सांगतो, कारण त्या हमखास राहून जातात. एकाच डोमेनला एसपीएफच्या दोन नोंदी झाल्या, की तपासणारा सर्व्हर दोन्ही रद्द धरतो. म्हणजे दुरुस्ती करायला जाऊन होतं तेही जातं. दुसरं ते रिमोटचं. ते केलं नाही तर बाहेरचे सगळे मेल नीट येऊ लागतात, पण वेबसाइटवरच्या चौकशीच्या फॉर्मचे मेल तेवढे येत नाहीत. कारण नव्या सर्व्हरला अजूनही वाटत असतं की मिलचा मेल आपल्याचकडे आहे, म्हणून तो ते मेल स्वतःच्याच पोटात ठेवतो. नवी वेबसाइट केली आणि एकही चौकशी आली नाही, म्हणून वेबसाइटला बोल लावणारे मालक मी पाहिलेत. चौकशा आलेल्या होत्या, भलत्याच सर्व्हरवर वाचायला कुणी नव्हतं.

डोमेन क्लाउडफ्लेअरवर (डोमेनच्या नोंदी सांभाळणाऱ्या एका सेवेवर) नेलं असेल तर आणखी एक पाहा. मेलच्या उपडोमेनसमोर नारिंगी ढग असेल तर तो करडा करून घ्या. तो नारिंगी ढग वेबसाइटच्या रहदारीसाठी आहे, त्यातून मेल जात नाही.

नोंदी बदलल्यावर काही तास द्या. मग तीनही मेल पुन्हा पाठवा. जीमेलमध्ये आलेला मेल उघडून उजवीकडच्या तीन ठिपक्यांतून 'शो ओरिजिनल' दाबा. वरच्या चौकटीत एसपीएफ, डीकेआयएमसमोर 'पास' दिसलं की हा रस्ता मोकळा झाला.

राहिली ती लाल पट्टी. तिचं दुखणं मला वेगळं वाटतं, कारण 'कधी सेंट, कधी लाल' हे वागणं डीएनएसच्या बिघाडात बसत नाही. पट्टीवर मेल 'सेव्ह' करताना चूक झाली असं काही लिहिलंय का, ते नीट वाचा. राउंडक्यूब (वेबमेलचं पान दाखवणारा प्रोग्रॅम) आधी मेल पाठवतं आणि नंतर त्याची प्रत 'सेंट'मध्ये ठेवतं. पेटी काठोकाठ भरली असेल तर मेल जातो, पण प्रत ठेवायला जागा नसते, म्हणून लाल पट्टी येते. तुम्हाला वाटतं गेला नाही, तुम्ही पुन्हा पाठवता. समोरच्या पार्टीला एकच बिल पाच वेळा जातं, आणि तिकडचा मुनीम विचारतो, पाच गाड्या पाठवल्या का? लहान मेल जेमतेम मावतात आणि 'सेंट' दिसतं. पीडीएफ जोडलेले मावत नाहीत. डाव्या बाजूला फोल्डरांच्या खाली किती टक्के जागा भरली ते दिसतं. ९९ किंवा १०० असेल तर कारण सापडलं.

जागा करताना इनबॉक्सपासून सुरुवात करू नका. 'सेंट' उघडा, आकारानुसार क्रम लावा. मोबाइलवर स्कॅन केलेल्या वजनकाट्याच्या पावत्या, लॅबचे रिपोर्ट, एकेक १०-१५ एमबीचे. त्यातले जुने संगणकावर उतरवून मगच काढा. आणि 'ट्रॅश' रिकामा करा, नाहीतर पुसलेलंही जागा अडवूनच बसतं. पेटी भरलेली असेल तर एमएक्स दुरुस्त होऊनही येणारे मेल परत जातील, म्हणून हे काम आधी उरका, नोंदींचं मागाहून.

जाता जाता एक सावधगिरी. 'तुमची पेटी भरली आहे, चालू ठेवायला इथे क्लिक करा' असे मेल नेमके अशा वेळी खरे वाटतात. जागेची माहिती फक्त वेबमेलच्या आतच बघा, मेलमधल्या दुव्यावरून कधीच नाही.

तुमच्यासारखीच तक्रार असते पण कारण निराळं, अशीही दोन-तीन प्रकरणं आपल्या भागात सारखी भेटतात. वेबसाइटला कुणी हात लावला नसेल तर तिथे बघा. मेल येतच नाहीत असं ज्यांना वाटतं, त्यांच्यातल्या अनेकांचे मेल आलेले असतात आणि कुणीतरी नेलेले असतात. मालकांच्या घरच्या किंवा मोंढ्यातल्या आडतीच्या जुन्या संगणकावर आउटलुक लावलेलं असतं, पॉप पद्धतीने (म्हणजे मेल सर्व्हरवरून संगणकावर उतरवून घ्यायचे), आणि 'सर्व्हरवर प्रत ठेवा' ही खूण काढलेली असते. वीज आली, संगणक सुरू झाला, की आउटलुक सगळे मेल ओढून घेतं आणि सर्व्हरवरून पुसून टाकतं. वीज गेली की वेबमेलमध्ये मेल दिसू लागतात, आली की गायब. भारनियमनाच्या वेळापत्रकाशी मेलचं असं नातं दिसलं तर बिघाड सर्व्हरवर शोधत बसू नका, तो दुसरा संगणक शोधा. तिथे आयमॅप (मेल सर्व्हरवरच ठेवून दाखवणारी पद्धत) लावा, पोर्ट ९९३. पाठवण्यासाठी ४६५ किंवा ५८७. पोर्ट २५ ठेवू नका, अनेक इंटरनेटवाले तो अडवतात.

तारखेचा प्रकार आणखी मजेशीर आहे. वेबमेलचं पानच उघडत नाही, 'कनेक्शन सुरक्षित नाही' असं येतं, आणि बँकेची साइटही तसंच म्हणते. संगणकाच्या उजव्या कोपऱ्यात तारीख बघा. मदरबोर्डवरचा नाण्याएवढा सेल संपला, की वीज जाऊन आल्यावर घड्याळ कित्येक वर्षं मागे जातं. साइटचं प्रमाणपत्र त्या तारखेला जन्मलेलंच नसतं, म्हणून ब्राउझर ते खोटं ठरवतो. सीआर २०३२ हा सेल घड्याळाच्या दुकानात थोडक्या पैशांत मिळतो. इन्व्हर्टर नसलेल्या ऑफिसात हे काही वर्षांनी होणारच.

गंभीर कारण एकच, खातं दुसऱ्याच्या हातात जाणं. तुम्ही न पाठवलेल्या मेलची उत्तरं किंवा नकार ढिगाने परत येत असतील, किंवा होस्टिंगवाल्याने 'खूप मेल गेल्यामुळे पाठवणं थांबवलंय' असं कळवलं असेल, तर मात्र पासवर्ड ताबडतोब बदला. आणि तेवढ्यावर थांबू नका. वेबमेलच्या सेटिंगमध्ये फिल्टर आणि फॉरवर्डिंग उघडा. भामटे तिथे एक नियम टाकून ठेवतात: 'बिल', 'पेमेंट' असे शब्द असलेला मेल आला की तो त्यांच्या पत्त्यावर पाठवायचा आणि इनबॉक्समधून लपवायचा. पासवर्ड बदलला तरी हा नियम तसाच चालू राहतो. मग ऐन व्यवहारात तुमच्या नावाने पार्टीला मेल जातो की आमचं बँक खाते बदललंय. पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० या राष्ट्रीय सायबर मदत क्रमांकावर कळवा; जितकं लवकर, तितकी रक्कम गोठवली जाण्याची शक्यता जास्त.

मालकांच्या जीमेलवर तात्पुरती ऑर्डर मागवा म्हटलं, तर तेही तपासून घ्या. फुकटच्या जीमेलला १५ जीबी जागा असते, आणि ती मेल, ड्राइव्ह, फोटो या सगळ्यांत मिळून. अँड्रॉइडवरचा व्हॉट्सअ‍ॅप बॅकअपही आता त्यातच मोजला जातो. त्यामुळे मालकांच्या नातेवाइकांचे शुभ सकाळचे व्हिडिओ तुमच्या ऑर्डरची वाट अडवू शकतात. जागा भरली की जीमेलवर ना येतं ना जातं. गूगलच्या स्टोरेजच्या पानावर कशाने किती जागा खाल्ली ते दिसतं. आणि यासाठी इंटरनेटवर 'जीमेल कस्टमर केअर'चा नंबर शोधू नका. फुकटच्या खात्यासाठी तसा नंबर नसतो; जो मिळेल तो स्क्रीन शेअर करायला लावून खातं रिकामं करणाऱ्यांचा.

आता जे तुम्ही विचारलं नाही पण विचारायला हवं होतं ते. तुमचं डोमेन कुणाच्या नावावर आहे? आपल्याकडे लातूर, नांदेड, जालना कुठेही जा, उत्तर एकच मिळतं: 'एका ओळखीच्या पोराने करून दिलं होतं, तो आता पुण्याला असतो.' नोंदणी त्याच्या नावावर, ओटीपी त्याच्या जुन्या नंबरवर. डोमेनची मुदत संपायच्या सूचना येतात. आयकॅन या डोमेनचा कारभार पाहणाऱ्या संस्थेच्या नियमाप्रमाणे डॉट कॉमसारख्या डोमेनला मुदतीच्या साधारण महिनाभर आधी आणि आठवडाभर आधी त्या पाठवाव्याच लागतात. पण त्या जातात त्या पोराच्या मेलवर. किंवा त्याहून वाईट म्हणजे मिलच्याच डोमेनवरच्या पत्त्यावर, जो नेमका बंद पडलेला असतो. नोंदणीचा मेल पत्ता बदलला आणि आलेल्या दुव्यावर १५ दिवसांत पडताळणी केली नाही, तर मुदत शिल्लक असतानाही डोमेन थांबवलं जाऊ शकतं. मग डोमेनची नोंदणी दाखवणाऱ्या हूइज नावाच्या तपासणीत 'क्लायंट होल्ड' असं दिसतं. म्हणून नोंदणी मिलच्या नावावर करून घ्या, मोबाइल मालकांचा द्या, आणि मेल पत्ता जीमेलचा द्या, डोमेनवरचा नको. त्या पोराशी गोडीत बोला. बहुतेक जण नाही म्हणत नाहीत, त्यांच्याही डोक्याचा ताप जातो.

एवढं करूनही मेल अडलाच तर मला पुन्हा लिहा, पण पासवर्ड पाठवू नका. मी मागत नाही, आणि जो मागेल त्यालाही देऊ नका. पाठवायचं ते हे: परत आलेल्या मेलचा पूर्ण मजकूर, फोटो काढून नव्हे तर कॉपी करून, तीन मेलपैकी कोणता किती वाजता निघाला आणि त्याचं काय झालं, वेबमेलच्या पत्त्याच्या पट्टीत काय दिसतं, आणि लाल पट्टीवरचे शब्द जसेच्या तसे. सोबत वेबसाइट करणाऱ्याने नेमसर्व्हर कोणत्या तारखेला बदलले तेवढं त्याला विचारून लिहा.